दौलतमामांचा बोलपट

दौलतमामा गेल्याचं कार्ड अकोल्याला माझ्या हाती पडलं तेव्हा मी नुकताच शाळेत शिकवून परतलो होतो. मामांच्या गावाहून, भातकुलीहून, येणारी कार्डं एरवी मामाच लिहीत. या कार्डावर अक्षर दुसऱ्याचं होतं आणि कोपरा फाडलेला, मयताच्या पत्राचा असतो तसा... वाचायचं काही उरलंच नाही.

मामा फुलमाळ्यांच्या घरातले. विसाव्या वर्षी ते एका फिरत्या नाटक कंपनीत शिरले आणि पहिल्याच नाटकात नायिकेच्या बापाचं काम त्यांच्या वाट्याला आलं. पुढे पंचवीस वर्षं ते म्हातारेच राहिले; कुठे बाप, कुठे कारकून, कुठे शेवटच्या अंकात निरोप घेऊन येणारा नोकर. घरी वऱ्हाडी बोलणारा हा माणूस रंगभूमीवर इतकी स्वच्छ पुणेरी बोले, की पुण्याकडची मंडळी त्यांना आपल्यातलंच समजत. गंगूमामीने मात्र त्यांचं एकही काम पाहिलं नव्हतं. सुनेने नाटकाला जाणं तिच्या सासूला चालत नसे.

मग बोलपट आले, नाटकगृहांत पडदे लागले, कंपनी मोडली. मामा कोल्हापूरला गेले. चार महिने ताटकळल्यावर एका बोलपटात खेडुताचं काम मिळालं, पाच वाक्यांचं. गावी परतल्यावर झेंडू तोडताना ती पाच वाक्यं ते पुन्हा पुन्हा म्हणत. चित्र अमरावतीला लागलं तोवर मामीची सासू वारली होती. दुपारच्या खेळाला मामा मामीला घेऊन गेले, सोबत मला. मामी ठेवणीतलं लुगडं नेसली होती.

मामा ज्यात होते तो, पुरामुळे गाव सोडून जाण्याचा प्रसंग लागला. माणसं पाठमोरी, भराभर निघून गेली. पाचही वाक्यं कापली होती. मामीने हळूच विचारलं, "कोनते हायत तुमी?"

 मामा पडद्यावरच्या, नायकाच्या दाढीवाल्या बापाकडे बोट करून म्हणाले, "थो... थो मी हाय. दाढी लावली, आवाज बदलवला म्हून वळखू येत नाई."

चित्र संपेपर्यंत मामी त्या माणसाकडे बघत होती, डोळे पुसत. बाहेर आल्यावर मामा मला एवढंच म्हणाले, "तिले काई सांगू नोको."

मामीने ते गावभर सांगितलं. लोक कौतुक करत, मामा मान खाली घालून ऐकत. दुसऱ्या एका नाटक कंपनीने बोलावलं, त्यांनी उत्तर धाडलं नाही. मी एकदा आग्रह केला, पुन्हा रंगभूमीवर उभे राहा, मामीला तुमचं खरं काम दाखवा. ते म्हणाले, "तिनं पाह्यलं ना मले. आता अजून काय दाखवू तिले?" त्यानंतर ते बागेतच राबले, शेवटपर्यंत.

तेराव्याला गेलो. घरात मामांचा एकही फोटो नव्हता. बोलपटाच्या गाण्यांच्या चोपडीतलं चित्र कापून मामीने चौकटीत बसवलं होतं. दाढीवाला, परका माणूस... गळ्यात मामांच्याच बागेतल्या झेंडूचा हार. अजूनही ती रोज ताजा घालते.

"नमस्कार कर तुया मामाले," मामी म्हणाली.

मी वाकलो.