डाव्या कोपऱ्यातले दगडूअण्णा

दगडूअण्णांच्या पंचाहत्तरीच्या अंकासाठी चार ओळी लिहा, असे त्यांच्या गावच्या, मार्गासनीच्या मंडळींनी सांगितले. मी तिसरीपर्यंत शिकलेली. पुढचे वाचन घरीच, एकटीने. हल्ली लिहायला बसले की थकवा येतो. तरी हे मलाच लिहायला हवे.

लग्न होऊन वेल्ह्याला आले त्याच आठवड्यात अण्णा घरी आले. ते आणि माझे यजमान पुण्यातल्या एका कारखान्याच्या कबड्डी संघात होते. अण्णा डाव्या कोपऱ्यात, यजमान त्यांच्या शेजारी, हातात हात धरून. घोटे पकडून पकडून अण्णांची बोटे वाकडी झाली होती. कपाचा कान धरता येईना.

"वहिनी, तांब्यात द्या च्या."

"आता बादलीच आण," यजमान मला म्हणाले. "पावणा म्हशीवानी पितुय!"

अण्णांचे नाव वर्तमानपत्रात क्वचितच आले. चढाई करणाऱ्याचे नाव होते, पकड करणारा धुळीतच राहतो. मग एका मोठ्या सामन्यात शेवटच्या चढाईला अण्णांनी समोरच्या चढाईवाल्याचा घोटा धरला आणि तो सुटला. सामना गेला. दगडूने घाई केली, असे सगळे म्हणाले. पुढच्या हंगामात अण्णांना संघात घेतले नाही, आणि खेळावर मिळालेली नोकरीही गेली. यजमान मात्र कारखान्यात कायम झाले. त्या नोकरीवर आमचा संसार झाला.

अण्णा गावी येऊन भातशेती करू लागले. सुगीनंतर रिकाम्या खाचरात मुलींना कबड्डी शिकवत. मला वाचायची आवड म्हणून भोरच्या वाचनालयातून पुस्तके आणत. स्वतः वाचत नसत. "जाड बघून आणलंय, म्हैनाभर पुरंल," म्हणत. यजमान गेल्यावरही पुस्तके येत राहिली.

यजमानांनी शेवटच्या आजारात मला सांगितले, "दगडूनं घाई केली न्हाई. त्यानं घोटा धरला तवा मी चढाईवाल्यावर अंग टाकायला पायजे व्हतं. गुडघा दुखत व्हता. मी मागं सरलो, आन् गप बसलो."

मी अण्णांना विचारले.

"त्याचा गुडघा मला सकाळीच ठावं व्हता. सांगितलं असतं तर त्याला बसवला असता, नोकरी गेली असती. म्या बोललो न्हाई. मग चूक कुणाची म्हणायची, वहिनी?"

हा लेख मी त्यांना आधी वाचून दाखवला. "हे छापू नगा," ते म्हणाले. "गेलेल्या माणसाला जाब देता येत न्हाई."

"मला येतो," मी म्हटले. "त्यांनी मरताना मलाच का सांगितलं, अण्णा?"



मी तो भाग काढलेला नाही. यजमानांचे नाव थोडे उणे होईल, ते मला लागेल. पण अण्णांनी घाई केली नव्हती, हे त्यांच्या हयातीत कुणीतरी लिहायला हवे होते. अण्णा, आपल्याला पुष्कळ वर्षांचे निरोगी आयुष्य लाभो. त्यातला फार काळ माझ्यावर रागावण्यात घालवू नका.