शाल गेली, नारळ परत आला

सासरे आमच्याकडे म्युनिकजवळच्या उंटरश्लाइसहाइमला तीन महिने राहायला आले, तेव्हा बायकोने त्यांची बॅग उपसली. गोडा मसाला, बेसनाचे लाडू आणि घडी न मोडलेली एक शाल. जावयाने सासऱ्याच्या सामानाची चौकशी करू नये असं माझं मत, त्यामुळे मी काही विचारलं नाही.

बाबांना, म्हणजे सासऱ्यांना, एका इंग्रज नटाचं वेड. नायक नव्हे हो! कधी बटलर, कधी न्यायाधीश, कधी मध्यंतराआधीच मरणारा प्रोफेसर. पन्नास वर्षं सिनेमात आणि मालिकांत काम करूनही त्याचं नाव बाबा सोडून कुणाला ठाऊक नसावं. बाबा स्वतः जिल्हा परिषदेत जन्मभर कारकून. इथल्या टीव्हीवर तो जर्मन बोलताना दिसला, तर "आवाज कुणाचा घातलाय मेल्यांनी!" म्हणून त्यांनी टीव्हीच बंद केला.

तो म्युनिकच्या एका थिएटरात दुपारच्या खेळानंतर सह्या द्यायला येणार, हे मीच त्यांना सांगितलं. माझंच चुकलं.

"सत्कार करू," बाबा म्हणाले.

"अहो बाबा, इथे असं करत नाहीत."

"म्हणूनच त्याचा राहिला असेल."

दारावरच्या माणसाने आमच्या पिशवीतून नारळ बाहेर काढला. फेकून मारायची वस्तू आत नेता येणार नाही म्हणे. नारळ गार्डरोबेत, लोकांच्या कोटांशेजारी बसला आणि मला नंबराचा बिल्ला मिळाला. अर्धी लाज तरी वाचली, असं मला वाटलं.

रांगेत आमची पाळी आली. बाबांनी सही मागितलीच नाही. शाल उलगडली आणि पाठ केलेल्या इंग्रजीत म्हणाले, "तुम्ही कधी दुसऱ्याचा सीन खाल्ला नाहीत." मी जमिनीकडे बघत होतो. ऐंशीचा तो म्हातारा टेबलाला धरून उठला आणि त्याने मान वाकवली. शाल अंगावर आल्यावर हळूच विचारलं, "ही हाताने धरायची, की सोडायची?" नवीन काम मिळाल्यासारखं.

"सोडायची," बाबा म्हणाले. "पडली तर पडली."

मागच्या लोकांनी टाळ्या वाजवल्या. पुढच्या सगळ्या सह्या त्याने शाल पांघरूनच केल्या.

परतताना एस-बानमध्ये, म्हणजे इथल्या लोकलमध्ये, नारळ माझ्या मांडीवर होता. काहीतरी बोलायचं म्हणून मी विचारलं, "शाल छान होती. पुण्यात घेतलीत?"

"माझीच ती. रिटायर झालो तेव्हाची."

"अहो, मग देऊन कशाला टाकलीत?"

"जावईबापू, त्या दिवशी साहेबांना मीटिंग होती. शाल माझ्या टेबलावर ठेवून गेले. अंगावर कुणी घातलीच नाही." मग म्हणाले, "तुम्हालाही रजा मिळाली नव्हती."

रजा होती. मी ती इटलीच्या सहलीसाठी राखून ठेवली होती. बाबांच्या निरोप समारंभाला बायको एकटीच गेली होती आणि तिने हे बापाला कधी सांगितलं नव्हतं, ते मला तेव्हा कळलं. मला स्वतःची फार लाज वाटली.

मी उभा राहिलो, नारळ त्यांच्या हातात दिला आणि चालत्या गाडीत वाकून नमस्कार केला. समोरची बाई बघत होती. बघू दे.

बाबांनी नारळ कानाशी नेऊन हलवला. मग तो दोन्ही हातांत धरून, आमचं स्टेशन येईपर्यंत, सत्काराच्या खुर्चीत बसतात तसे ताठ बसून राहिले.