आत्याची किक आणि देवाचा नारळ

आमच्या आत्यानं देवाच्या नारळाला किक मारली, आणि त्याला सर्वस्वी मी जबाबदार आहे.

नंदाआत्या विद्यापीठात समाजशास्त्र शिकवते. त्याआधी ती मुंबईत एका क्लबकडून फुटबॉल खेळायची. दिवसा नोकरी, संध्याकाळी सराव, मॅच जिंकली तर मानधन (हरली तर उसळपाव!). हा खेळ ती शिकली आमच्या लांज्याजवळच्या गावात, सड्यावरच्या, म्हणजे कातळपठारावरच्या मैदानात. तिथं आजही गोलपोस्ट म्हणजे रोवलेले दोन जांभ्याचे चिरे. आता आमच्या मुली तिथं रोज खेळतात. आणि त्याच मैदानावर सरपंच दुकानांचे गाळे बांधायला निघाले! सरपंच कोण? माझे सख्खे बाळकाका, आत्याचे थोरले भाऊ! मुलींच्या पायाखालची जमीन काढून तिथं मोबाईलची कव्हरं विकणार! (पत्रकात या वाक्यापुढे मी तीन उद्गारचिन्हं टाकली होती.)

पत्रकं मी बरीच काढते. त्याआधीचं पत्रक होतं ‘देवाला कौल लावून गावाचे निर्णय घेणं बंद करा!’ ते कुणी हातात धरलं नाही, आणि गावचे मानकरी भिकाआबा तेव्हापासून माझ्याशी बोलेनासे झाले.

भूमिपूजनाच्या दिवशी मी आत्याला घेऊन हजर! नारळ फुटायच्या आत तिनं बोलायचं, की गाव पेटून उठणार.

“दादा, दोनच मिनिटं बोलते हं,” आत्या काकांना म्हणाली.

“बोल गो. पण मुहूर्त टळता कामा नये.”

आत्यानं माईक धरला. “सार्वजनिक अवकाश ही संकल्पना समजून घेण्याआधी आपण...”

गाव पेटलं नाही. गाव जांभया देऊ लागलं. “बॉल खेळायची तेव्हा बरी होती ही,” मागून एक काकू पुटपुटल्या. मी हातानं ‘आटप, आटप’ खुणा केल्या. आत्याला वाटलं, मी उदाहरण मागतेय. तिनं परदेशातलं दिलं!

“पुरे!” काका उठले. “आबा, गाऱ्हाणं घाला.”

आबांनी हात जोडले. “बा देवा म्हाराजा, ही जागा ज्या कामाला हवी, त्या कामाला तूच लावून घे रे म्हाराजा!”

“व्हय म्हाराजा!” अख्खं गाव एका सुरात. (आत्तापर्यंत झोपलेलं!)

काकांनी नारळ उचलला. मला राहवेना. “थांबा!” म्हणत मी पत्रकांचा गठ्ठा घेऊन धावले. गठ्ठ्याची सुतळी माझ्याच पायात अडकली. मी काकांच्या पोटावर, काका मांडवाच्या खांबावर, आणि नारळ आभाळात! खाली येताना तो थेट आत्याकडे निघाला. तिनं एका हातानं निऱ्या उचलल्या (साडीखाली ती बूटच घालते, वर्गातसुद्धा!), एक पाऊल मागे घेतलं आणि...

नारळ माझ्या डोक्यावरून सणसणत गेला आणि गोलच्या डाव्या चिऱ्यावर फाडकन फुटला.

“पोस्टला लागला,” आत्या माईकवर म्हणाली. “गोल धरू नका.”

कुणी हसलं नाही.

“नंदे! देवाच्या नारळाला पाय?” काका ओरडले. मी मातीत पडल्या पडल्या हिशेब केला: मैदान गेलं, चळवळ गेली, आता आत्याचं माहेरही गेलं.

आबा सावकाश चिऱ्यापाशी गेले. दोन्ही भकलं उचलून त्यांनी एकमेकांना लावून पाहिली.

“मधोमध फुटलाय,” ते म्हणाले. “देवान कौल दिलान! जागा तूच कामाला लाव असं आपणच सांगितलं ना? आता नारळ ज्या चिऱ्यावर फुटला तो चिरा हलवायचा नाय.”

“आबा, तो गोलचा चिरा आहे!” काका कळवळले.

“मग गोलच राहूंदे. तू देवापेक्षा मोठा सरपंच काय रे?”

काकांनी चिऱ्याला हात जोडले. गाळे एसटी थांब्यापाशी गेले, मैदान जिंकलं! मुली आत्याला खांद्यावर घ्यायला धावल्या. तेवढ्यात आबांनी माझ्याकडे रोखून पाहत पुन्हा हात जोडले. “बा देवा म्हाराजा, हा कौल लहानथोर सगळ्यांकडून मान्य करून घे रे म्हाराजा!”

“व्हय म्हाराजा!” सगळ्यात मोठा आवाज माझा होता. (माईक चालू होता. अख्ख्या वाडीनं ऐकलं.)

खोबऱ्याचा प्रसाद वाटायचं काम आबांनी मलाच दिलं. द्रोण नव्हते. घरात कौलाविरुद्धच्या पत्रकाचा गठ्ठा तसाच पडून होता, त्यावरच वाटला. माझं पत्रक गावातल्या माणसांनी दोन्ही हात पुढे करून घेतलं, ते त्या एकाच दिवशी!