इनक्युबेटरमधला झेंडू

नागावच्या घरी दसऱ्याचं तोरण ओवताना बोटांना झेंडूचा उग्र वास लागला आणि आमचे सर आठवले. विद्यापीठातले कर्करोगाचे मोठे संशोधक, निदान त्यांच्या दारावरच्या पाटीप्रमाणे तरी. तेव्हा मी त्यांना घाबरायचे; आता नुसती शिसारी येते.

खंडेनवमीला प्रयोगशाळेत यंत्रांची पूजा व्हायची. यंत्राला हार बाहेरूनच घालतात. पण सरांना फोटो हवा होता, म्हणून त्यांनी पेशी वाढवायच्या उबदार कपाटाचं, इनक्युबेटरचं, दार उघडून आतल्या बाटल्यांभोवती ताजी फुलं मांडली. त्या बाटल्यांत पेणच्या एका बाईंच्या गाठीतल्या पेशी मी कित्येक महिने जिवंत ठेवल्या होत्या. त्या दमट उबेत चार दिवसांतच प्रत्येक बाटलीत कापसासारखी बुरशी धरली.

"फुलांमुळे झालं, सर," मी म्हटलं.

"पूजेला नावं ठेवू नकोस. त्याच बाईंची गाठ परत मागव."

"सर, त्या बाई गेल्या."

सर मोबाइलवर आपलाच फोटो मोठा करून बघत होते. मान वर न करता म्हणाले, "मग दुसरी बघ."