चौतिसावी सुपारी

वारज्याच्या गेनबाला बरं नसलं, की डॉक्टर त्याच्या मनगटाची नाडी मोजायचा आणि गेनबा दुसरा हात गळ्याला लावून आपली आपण मोजायचा. दोन्ही आकडे जुळले तरच औषध घ्यायचा. चौथीपर्यंतची शाळा झालेली. गुरुजींनी पृथ्वी गोल आहे म्हणून सांगितलं, तेव्हा हा उभा राहिला आणि म्हणाला, "गुर्जी, तुमी फिरून आलाय का?" त्या छडीचा वळ म्हणे आठ दिवस होता. पुढं गाव महापालिकेत गेलं, शेतांच्या जागी सोसायट्या उभ्या राहिल्या, दारात नळ आला. तरी गेनबानं परड्यातली विहीर काही बुजवू दिली नाही. "नळ आज आनलाय, उद्या उचलून न्हेतील," म्हणायचा. "इहीर कुटं जातीय?"

अशा माणसाच्या नातीनं लग्न करायचं ठरवलं, ते एका गाईडशी!

उल्का कोथरूडच्या एका शाळेत शिकवायची. शिक्षकांची दोन दिवसांची सहल कोकणात गेली होती, त्या बसमध्ये यज्ञेश्वर गाईड होता. मुलगा खडकीचा, वडील दारूगोळा कारखान्यात, क्वार्टरमध्ये वाढलेला. घरात सगळ्यांना पसंत पडला. उल्काच्या आईनं, विजयमालानं, तर मनातल्या मनात साड्याही काढून ठेवल्या. राहिलं होतं फक्त सुपारी फोडायचं. त्या घराण्यात चार माणसांसमोर सुपारी फुटली की लग्न पक्कं, आणि ती फोडायचा मान घरातल्या थोरल्याचा. थोरला म्हणजे गेनबा.

"त्यो गाईड म्हंजे करतो काय?" गेनबानं विचारलं.

"लोकांना जुनी गावं, किल्ले दाखवतो आजोबा. इतिहास सांगतो."

"दर शनवार-रईवार?"

"हो."

"त्याच त्या गोष्टी?"

"हो."

"आन् लोकं मातुर नवीन?"

"हो, मग?"

"मग ह्यो गडी खरं बोलतो कवा?"

उल्का हसली नाही. म्हणाली, "हवी तेवढी चौकशी करा. पण सांगून ठेवते, तुम्ही नाही म्हणालात तर मी पळून वगैरे जाणार नाही. फक्त दुसऱ्या कुणासमोर चहाचे कप घेऊन यायला मला सांगू नका. एवढंच."

पोरगी कधी हट्ट न करणारी, म्हणून ते शब्द गेनबाला जास्त लागले. आपण चुकून हो म्हटलं तर पोर फसणार, आणि चुकून नाही म्हटलं तर जन्मभर एकटी राहणार. दोन रात्री त्यानं कूस बदलून काढल्या. तिसऱ्या दिवशी सकाळी मुक्ताबाईला, बायकोला, म्हणाला, "तुला बघाया आलो तवा म्या तुला बघितलंच न्हवतं. तुझ्या बापाची बैलं बघितली हुती. दावणीला पानी हाय का, खांद्याला जुवाचा वन हाय का. बैलं सुखी, तर घर बरं."

"म्हायती हाय," मुक्ताबाई म्हणाली. "पन्नास वरसं ऐकतीया. माझ्यापरीस बैलांचंच कवतिक जास्त."

"आता बैलं न्हाईत. ह्यो मानसं हाकतो. तर मानसं कशी हाकतो ते बघून येतो."

असं करून गेनबानं त्याच सहलीच्या दोन जागा धरल्या. एक आपली, एक रज्जाकभाईची. रज्जाकभाईचं वारज्याच्या नाक्यावर गादी-कारखान्याचं दुकान, आणि लहानपणापासूनची दोस्ती. गेनबानं आपलं नाव लावलं संपत, म्हणजे मेहुण्याचं उसनं घेतलं. यज्ञेश्वरनं त्याला अजून पाहिलेलं नव्हतं, म्हणून ओळखला जायची भीती नव्हती. फोटो काढून लोक त्याचं काय करतात कोण जाणे, या संशयापायी त्यानं आजवर एकही फोटो काढू दिला नव्हता.

शनिवारी पहाटे पाचला वारज्याच्या पुलाखाली बस लागली. दारात यज्ञेश्वर उभा होता. उंच, सावळा, खिसे फुगलेले. माणूस चढला की तो डाव्या खिशातून काहीतरी काढायचा आणि उजव्या खिशात टाकायचा.

"हातचलाखी," गेनबा रज्जाकभाईच्या कानात म्हणाला.

"सुपाऱ्या हायत त्या," रज्जाकभाई म्हणाला. "मानसं मोजतोय."

गेनबाला आपला बाप आठवला. खळ्यावर धान्य मापताना त्याचा बापही दर पायलीला एक खडा असाच बाजूला टाकायचा. पण आवडलं म्हणून लगेच पाघळणारा तो नव्हे.

"चौतीस," यज्ञेश्वर म्हणाला. डावा खिसा रिकामा झाला आणि बस हलली.

खोपोली, पेण मागं पडलं. यज्ञेश्वर पुढं उभा राहून अलिबागचं, आंग्र्यांच्या आरमाराचं सांगत होता. बोलायचा गोड, आणि गेनबाला तेच खुपत होतं. त्यात त्याला आणखी एक दिसलं. माईक धरलेल्या तळव्यावर निळ्या शाईनं आकडे लिहिलेले होते.

"रज्जाक, हातावर कुना पोरीचा लंबर लिवलाय बघ."

"मला चष्म्याबिगर दिसत न्हाई."

"मग चष्मा लाव की!"

"चष्मा घरी हाय."

"आरं, तुला कशाला आनलाय मी मग?"

नऊच्या सुमारास अलिबाग आलं. समुद्र मागं हटला होता आणि ओल्या वाळूतून लोक कुलाबा किल्ल्याकडं चालत निघाले होते. ज्यांना चालवत नव्हतं ते टांग्यात बसले. किल्ल्यात गणपतीचं देऊळ, चिरेबंदी तळं, तटावर चाकांच्या गाड्यांवर बसवलेल्या दोन तोफा. गेनबानं तोफेवर काठी वाजवून बघितली.

"हिचा गोळा कुटवर जायचा?"

"माहीत नाही," यज्ञेश्वर म्हणाला. "मी उडवलेली नाही."

बसमधली माणसं हसली. गेनबाला वाटलं, माजोरी दिसतोय. पुढं यज्ञेश्वरनं एका लढाईची गोष्ट सांगितली, रंगवून सांगितली. गेनबानं लगेच अडवलं, "हे खरं कशावरनं?"

"असं सांगतात. कागद मी पाहिलेला नाही. म्हणून सांगतात म्हणालो."

आता याला काय म्हणावं? खोटं पकडायला यावं आणि समोरच्यानं दार उघडंच ठेवावं, तसं झालं. पण गेनबाच्या मनातला किडा आणखी वळवळला. ज्याला पकडता येत नाही, तो तर जास्तच मुरलेला असणार. मग त्यानं ठरवलं, तोंडावर बघण्यात अर्थ नाही, पाठीमागं बघितलं पाहिजे.

अकराला यज्ञेश्वरनं सगळ्यांना हाका घातल्या. किल्ल्याच्या दरवाज्यात उभा राहून एकेक सुपारी या खिशातून त्या खिशात टाकत माणसं बाहेर काढली. चौतीस. गेनबाही मोजला गेला.

"रज्जाक, तू फुडं हो. मी मागं ऱ्हातो."

"कशापायी?"

"हितं मोजलं ते लोकांस्नी दाखवायला. बशीपाशी परत मोजतो का बघू. एक मानूस कमी हाय हे त्याला कळलं तर खरा. आन् तू तोंड उघडायचं न्हाई."

"आरं येड्या, पानी भरंल!"

"पानी मला शिकवतो? मुठंच्या डोहात पवलोय मी."

एक टांगा दरवाज्यातून निघाला, त्याच्या आडोशानं गेनबा पुन्हा आत शिरला. तळ्याच्या पायरीवर सावलीत बसला. वारा गार होता, डोळ्यावर तीन वाजल्यापासूनची झोप होती. पाच मिनिटं म्हणून भिंतीला टेकला.

जाग आली ती हाकेनं. "संपतराव! अहो संपतराव!" कुणीतरी जिवाच्या आकांतानं ओरडत होतं. गेनबा मनात म्हणाला, कोन ह्यो संपत? काय येंधळी मानसं असत्यात एकेक! आणि तीन-चार हाका झाल्यावर त्याच्या ध्यानात आलं, की संपत म्हणजे आपणच.

यज्ञेश्वर समोर आला, तेव्हा त्याची पँट मांडीपर्यंत भिजलेली होती.  त्यानं गेनबाचं मनगट धरलं आणि चालायला लागला.

दरवाज्याबाहेर येऊन गेनबानं बघितलं. ज्या वाळूतून आपण चालत आलो ती कुठं नव्हतीच. डोहातलं पाणी आपल्या जागी थांबतं. हे पाणी चालत येत होतं. गुडघा, मग मांडी, मग धोतराचा सोगा तरंगायला लागला. एक लाट अशी आली की पायाखालची वाळूच सरकली. गेनबा कलंडला, तसा यज्ञेश्वरनं दुसऱ्या हातानं त्याला काखेत धरून उभा केला. मनगट सोडून लाटेसमोर आडवा धरलेला त्याचा तळवा गेनबाच्या डोळ्यापासून वीतभर अंतरावर होता. शाई ओघळली होती, तरी अक्षरं वाचता येत होती. ओहोटी दहा. बाहेर अकरा. मोजणी दोनदा.

दोघं काठावर पोचले. तेहतीस माणसं उन्हात उभी होती. रज्जाकभाईचा चेहरा पिंजून ठेवलेल्या कापसासारखा पांढरा झाला होता.

मग यज्ञेश्वर बोलला. आवाज चढवला नाही.

"संपतराव, आपल्याला समुद्रात राहायचं असेल तर आधी कळवत चला. मी तेहतीस जणांचंच जेवण सांगत जाईन."

"चप्पल ऱ्हायली हुती," गेनबा म्हणाला.

यज्ञेश्वरनं त्याच्या पायांकडं बघितलं. दोन्ही चपला होत्या. "बरं," एवढंच म्हणाला. डाव्या खिशात उरलेली एक सुपारी काढून त्यानं गेनबाच्या हातात ठेवली. "ही तुमची. आता मी तुम्हाला मोजणार नाही. दर वेळी बसमध्ये चढलात की ही मला दाखवायची. आणि उद्या जंजिऱ्याला तुम्ही होडीत बसायचं नाही. धक्क्यावर ड्रायव्हरजवळ बसायचं."

"आवं, जंजिरा बघाया तर आलोय!"

"मी तुम्हाला परत घरी पोचवायला आलोय."

दुसऱ्या दिवशी चौल झालं, रेवदंडा झाला. दर वेळी गेनबा शाळेतल्या पोरासारखी मूठ उघडून सुपारी दाखवायचा आणि चढायचा. बायका तोंडाला पदर लावून हसायच्या. राजपुरीच्या धक्क्यावरून शिडाच्या होड्या जंजिऱ्याकडं निघाल्या, आणि गेनबा ड्रायव्हरशेजारी पिंपावर बसून राहिला. तास दीड तास. आजवर त्याला असं कुणी बसवलं नव्हतं. पोटच्या पोरांनीही नाही. राग यायचा, पण धरून ठेवता येत नव्हता. होडी दूर गेली तरी यज्ञेश्वर उभाच दिसत होता आणि दर थोड्या वेळानं धक्क्याकडं बघत होता. पिंपावरचा म्हातारा जागेवर आहे ना, म्हणून.

रज्जाकभाई किल्ला बघून परत आला. "काय तोफ हाय गेनबा! आन् आत ग्वाड पान्याचं तळं! तुला सांगतो—"

"सांगू नगं. तू त्याचं बोल. खोटं बोलला का कुटं?"

रज्जाकभाई शेजारी बसला. टोपी काढली, डोकं खाजवलं.

"तपास झालाय माझा," तो म्हणाला. "दोन दिसांत खोटं एकच मानूस बोलला. नाव खोटं, चप्पल खोटी. तेवढा सोडून बाकी समदी खरी."

गेनबानं समुद्राकडं बघितलं. काठीनं धक्क्याच्या दगडावर उगाच दोन रेघा ओढल्या.

ताम्हिणी घाटातून अंधार पडायच्या आत बस वारज्याला आली. उतरताना यज्ञेश्वरनं हात पुढं केला, "संपतराव, सुपारी?"

गेनबानं बंडीचे खिसे चाचपले, धोतर झटकलं. "पडली वाटतं कुटंतरी."

"माणूस उतरला ना धडपणी? मग राहू दे," यज्ञेश्वर म्हणाला आणि पुढच्या बाईची पिशवी उतरवून घ्यायला वळला.

घरात शिरताच उल्का समोर आली.  गेनबानं पिशवीतलं कालचं खारट धोतर मुक्ताबाईच्या हातात दिलं, म्हणाला, "येत्या आयतवारी त्यांस्नी बोलवून घ्या. चार मानसं सांगा."

"म्हणजे आजोबा—"

"बैलं सुखी हायत."

रविवारी खडकीची मंडळी आली. यज्ञेश्वर चपला काढून आत आला, नमस्काराला वाकला, मान वर केली आणि तसाच राहिला.

"संपतराव? आपण इथे?"

"गेनबा म्हनत्यात मला," गेनबा म्हणाला. "उल्काचा आजा."

बैठकीत कुणाला काही कळेना. कळलं फक्त उल्काला, मुक्ताबाईला आणि कोपऱ्यातल्या रज्जाकभाईला. तो टोपीनं वारा घेत छताकडं बघत होता. यज्ञेश्वर खाली बसला. म्हणाला, "म्हणजे मी सासरच्या थोरल्या माणसाला धक्क्यावर पिंपावर बसवलं."

"बशिवलं," गेनबा म्हणाला. "आन् बरं केलंस."

विजयमालानं ताम्हणात पानं, हळदकुंकू आणि बाजारातून आणलेली सुपारी ठेवली होती. गेनबानं ती सुपारी उचलून बाजूला ठेवली. बंडीच्या आतल्या खिशात हात घातला आणि दुसरी काढली. खाऱ्या पाण्यानं तिच्यावर पांढरी पुटं चढली होती.

यज्ञेश्वरनं ती लगेच ओळखली. "पडली म्हणाला होतात!"

"खोटं बोललो."

"अहो, काल एका दिवसाची नवी टूर होती. तेहतीसच सुपाऱ्या आहेत हे विसरलो, आणि पेणला चौतीस माणसं तीनदा मोजली. एक जास्त येतंय, म्हटलं कोण फुकट्या शिरला? शेवटी ड्रायव्हरला खाली उतरवून बस तपासली."

पहिल्यांदा हसली ती उल्का. मग मुक्ताबाई, मग खडकीची सगळी मंडळी. गेनबानं मात्र तोंड गंभीर ठेवून अडकित्ता घेतला. सुपारी त्यात धरली, कानाजवळ नेऊन वाजवून बघितली, किडकी तर नाही ना म्हणून. मग फोडली.

"झालं," तो म्हणाला. "आता जंजिऱ्याला कवा न्हेतोस?"

"नेतो," यज्ञेश्वर म्हणाला. "पण खऱ्या नावानं यायचं."