सगुणाबाई आणि पत्र्याचे क्षेपणास्त्र

देव कुणाला गळा देतो तो भजनासाठी, कुणाला देतो तो बाजारात हाळी घालण्यासाठी. पिंगळीच्या सगुणाबाईंना त्याने गळा दिला तो दुसऱ्याच्या दुःखासाठी. पंचक्रोशीत कुठे मयत झाले की त्यांच्या दाराशी निरोप येतो. घरची बाई दगडासारखी बसलेली असते, डोळ्यांत टिपूस नसते, शेजारणी घाबरून गेलेल्या असतात. सगुणाबाई तिच्या गळ्यात हात घालतात आणि गेलेल्याचे एकेक सांगत रडू लागतात. त्याने विहीर कशी खणली, बैलाला कोणत्या नावाने हाक मारली, कुणाच्या लग्नात पंगत वाढली, सगळे. हळूहळू त्या दगडाला पाझर फुटतो. मग त्या उठतात, डोळ्यांना पदर लावतात, घरी येऊन अंघोळ करतात आणि कामाला लागतात. तीस वर्षे हेच चालले आहे. याला त्या सेवा म्हणत नाहीत. “जावं लागतं,” एवढेच म्हणतात.

त्यांचा एकुलता एक मुलगा परमेश्वर लष्कराच्या हवाई संरक्षण दलात आहे. कुठे आहे ते तो सांगत नाही, काय करतो तेही नीट सांगत नाही. फोनवर विचारले की म्हणतो, “आभाळाकडं बघत बसतो, आई.”

“ते तर तुझा बापबी करायचा, ज्वारीवरची पाखरं हाकताना.”

दोघेही हसतात. पण फोन ठेवल्यावर सगुणाबाई बराच वेळ हसत नाहीत.

परभणीचा शंतनु नावाचा तरुण सिनेमा काढत होता. शत्रूचे क्षेपणास्त्र गावावर येते आणि एक जवान एकट्याने ते थोपवतो, अशी त्याची गोष्ट. एका नातेवाइकाच्या मयतीत त्याने सगुणाबाईंना ऐकले होते. तो घरी आला.

“मावशी, जवानाच्या आईचं काम आहे. शेवटी थोडं रडायचं.”

“कोन मेलंय?”

“कुणीच नाही मावशी. सिनेमा आहे!”

सगुणाबाईंनी त्याचा सरळ अर्थ घेतला. लेक गाव वाचवून परत येतो, आईच्या डोळ्यांत आनंदाचे पाणी येते. शिवाय आपला परमेश्वर आभाळाकडे बघत नेमके काय करतो, तेही डोळ्यांनी पाहायला मिळणार होते. त्या हो म्हणाल्या.

स्टेशनापलीकडच्या काढणी झालेल्या रानात चित्रीकरण सुरू झाले. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर टीव्हीची एक जुनी डिश बांधली होती; ते रडार. मानवतचे मुंजाजी पत्र्याच्या धान्यकोठ्या करतात, त्यांनी पत्रा वळवून क्षेपणास्त्र केले होते. चंदेरी रंग दिलेले ते धूड ढेकळांत नाक खुपसून तिरके उभे होते. सगुणाबाई डिशजवळ जाऊन हात जोडून उभ्या राहिल्या.

“ह्यातून काय दिसत असंल हो?”

“वहिनी, आतापोतर ह्यातून सासूसुनंची भांडणं दिसायची,” मुंजाजी म्हणाले.

सकाळभर परभणीचा विवेक, एरवी शिकवणी घेणारा मुलगा, जवान होऊन धावला, लोळला, क्षेपणास्त्राच्या तारा ओढत राहिला. ओल्या कडब्याचा धूर झाला. दुपारी शंतनुने हाक दिली. “मावशी, या!”

बाजेवर विवेक निजला होता. अंगावर तिरंगा, नाकात कापूस. सगुणाबाई चार पावलांवर थांबल्या.

“हे काय हाय?”

“क्षेपणास्त्र थांबवताना जवान शहीद झाला. आता तुमचं रडणं.”

“तुमी म्हनला कुणी मेलं न्हाई.”

“मेला कुठे? ए विवेक, हात हलव रे.”

तिरंग्याखालून हात हलला.

“हात हलवायलाय, त्याला रडू?”

“मावशी, कॅमेरा भाड्याचा आहे, उद्या परत जाणार. शेवट आजच झाला नाही तर सिनेमाच होत नाही. हवं तर एकदा तालीम म्हणून करा.”

“रडायची तालीम नसती लेकरा.”

“वहिनी, डोळ्यात ग्लिसरीन घाला,” मुंजाजींनी सुचवले.

“तुमच्या कोठीत घाला. उंदरं तरी रडतील.”

सगळे हसले. सगुणाबाई हसल्या नाहीत. त्या हळू आवाजात म्हणाल्या, “शंतनु, तीस वर्षं झाली. माझं रडणं आजवर वाया गेलं न्हाई. ते पोचतं. वर्दीतल्या जित्या लेकराला आज रडले, तर ते कोनाला जाऊन पोचंल?”

वर्दीतला दुसरा लेक कोण, हे तिथे सर्वांना ठाऊक होते.

मागे एक बाई तोंडाला पदर लावून उभी होती. अनेक घरांत पाहिलेला तो दगडी चेहरा सगुणाबाईंनी ओळखला. त्या तिच्याजवळ गेल्या.

“कोन तुमी?”

“कमलबाई. विवेकची आई. शूटिंग बघाया आले.”

“बघवायलंय?”

“न्हाई ओ माय. पण लेकराची हौस हाय, कसं बोलू?”

सगुणाबाई बाजेपाशी आल्या. “निशाण काढा. नीट घडी घाला. ऊठ रं बाबा, कापूस काढ नाकातला.” मग त्या वळल्या. “मेलंय कोन, ते दिसायलंय मला.”

त्या ढेकळे तुडवत क्षेपणास्त्राजवळ गेल्या, खाली बसल्या, त्या तापलेल्या पत्र्याच्या गळ्यात त्यांनी हात घातला, आणि त्यांचा सूर लागला.

“अरे लोखंडा, कोन्या मायच्या लेकानं तुला घडवलं रं! तुझा फाळ झाला असता, काळ्या रानात चकाकला असता. तुझा तवा झाला असता, दहा लेकरं जेवली असती. तुझी पाळण्याला कडी झाली असती, अंगाईसंगं कुरकुरली असती. तुला लेकराच्या उशाची वाट कुनी दावली रं! तुला निरोप द्यायला कोनी आलं न्हाई, तुला उतरून घ्यायला कोनी आलं न्हाई…”

कॅमेरा चालू होता. ज्यांनी तो पत्रा वळवला, त्या मुंजाजींनी डोक्यावरची टोपी काढली. कमलबाई आल्या, सगुणाबाईंच्या शेजारी बसल्या आणि त्यांचा बांध फुटला. तो जिता विवेक वर्दीतच आईच्या पाठीवर हात ठेवून उभा राहिला. शंतनुला ‘थांबा’ म्हणायचे सुचले नाही.

मारणाऱ्यापेक्षा तारणारा मोठा, असे आपण म्हणतो आणि म्हणून टाळ्या घेतो. पण तारणाऱ्याने मेलेच पाहिजे, असे भगवंताने कुठे सांगितले? आपणच ते धरून चालतो. आपल्याला हार घालायला सोपे जाते.

सूर थांबला. सगुणाबाईंनी डोळ्यांना पदर लावला. शंतनु ट्रॉलीच्या कडेला बसून सिनेमाची गोष्ट लिहिलेल्या वहीचे शेवटचे पान पाहत होता.

“मावशी, मग जवान पुढे काय करतो?”

“घरी येतो. हातपाय धुतो. जेवतो.”

“हे कोण बघेल?”

“मी बघन,” सगुणाबाई म्हणाल्या.

दिवस अजून कासराभर वर होता. शंतनुने पानावर काट मारली आणि सगळे सामान ट्रॉलीतून सगुणाबाईंच्या अंगणात नेले. तो प्रसंग तीनदा घ्यावा लागला. विवेक तीनदा जेवला, आणि तिन्ही वेळा सगुणाबाईंनी त्याला गरमच वाढले.