उसन्या सोफ्याची साक्ष

सरकारी माणसावर आमच्या शेजारच्या अण्णांइतका जीव टाकणारा प्राणी अख्ख्या सोलापुरात दुसरा सापडायचा नाही. विजेचं मीटर बघायला आलेल्या माणसाला ते चहा पाजल्याशिवाय सोडत नाहीत, तलाठ्याचं नाव निघालं की चप्पल काढतात, आणि टपालवाल्याला 'साहेब, साहेब' करून इतकं लाजवतात की तो आता पत्रं खालच्या दुकानात टाकून पळतो. "सरकार हाय म्हनून आपन हाय," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत चादरींच्या मागावर आयुष्य काढलेल्या माणसानं सरकारचं असं काय खाल्लं होतं, देव जाणे.

तर या अण्णांच्या मुलीला, सुनंदाला, आदिवासींच्या राखीव जागेवर डॉक्टरकीला प्रवेश मिळाला. अट एकच: पडताळणी समितीनं जमातीचा दाखला खरा ठरवायचा, नाहीतर जागा गेली. चौकशीला घरी पथक येणार म्हटल्यावर अण्णा आदल्या दिवशीच माझ्या दारात हजर. "सर, तुमचा सोफा द्या की. एवढी मोठी मानसं, त्यास्नी सतरंजीवर बसवायचं व्हय?" सोफा गेला, पाठोपाठ काचेचा टीपॉय गेला, माझा कोटसुद्धा गेला. सोलापूरच्या उकाड्यात कोट घालून अण्णांनी साहेबांना सरबत दिलं. लग्नातल्या चालीरीती विचारल्या, तर छाती फुगवून म्हणाले, "आता समदं हॉलमदी, साहेब. डीजे बी लावतो." साहेबांनी माझ्या सोफ्यावर रेलून सरबत संपवलं आणि अहवालात लिहिलं, राहणीमान व चालीरीती जमातीशी जुळत नाहीत. दावा नामंजूर.

आता अण्णांच्या सख्ख्या थोरल्या भावाचा दाखला याच समितीनं पूर्वी वैध ठरवलेला. एकाच आईच्या पोटचा एक आदिवासी, तर दुसरा कोण, हे विचारायची अक्कल त्या टेबलावर कुणालाच नव्हती. या विद्वानांच्या लेखी आदिवासी म्हणजे पिसं लावून नाचणारा कुणीतरी. तो माग चालवतो, पोरीला शिकवतो म्हटलं की यांच्या पोटात दुखतं. मी संतापून शिव्या घातल्या, तर अण्णा माझ्यावरच उखडले. "साहेबाला कशाला वो बोलता? चूक माजीच हाय. कोट घालाय नको हुता."

शेवटी सुनंदाच हायकोर्टात गेली. कोर्टानं समितीला झापलं, नकार रद्द केला, तिचं शिक्षण तूर्त चालू ठेवलं आणि प्रकरण फेरचौकशीला पाठवलं. कुणाकडं? त्याच समितीकडं! चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या म्हणतात, त्या याच.

या खेपेला अण्णा शहाणे झाले. पथक यायच्या आधी त्यांनी स्वतःचा टीव्ही, फ्रिज, खुर्च्या, सगळं माझ्याकडं आणून टाकलं. उघड्या फरशीवर घोंगडं अंथरलं आणि सुनंदाला चष्मा काढून ठेवायला लावलं. तिनं तो काढला, बापाच्या दिशेनं अंदाजानं पाहिलं आणि विचारलं, "अण्णा, आता तरी दिसते का मी आपल्यातली?"

अण्णा खाली वाकून घोंगड्याच्या सुरकुत्या काढू लागले.

पथक येऊन गेलं. निकाल अजून नाही. सामान माझ्याकडंच आहे, कारण पथक पुन्हा कधीही येईल ही अण्णांची धास्ती. रोज संध्याकाळी ते बातम्या बघायला येतात. मला त्यांचा राग येतो, कीवही येते, आणि एखाद्या दिवशी आले नाहीत तर करमतही नाही. आपल्याच टीव्हीसमोर, आपल्याच खुर्चीजवळ ते उभे राहतात आणि दबक्या आवाजात विचारतात, "सर, बसू का जरा?"